पोलिसांनी सोसायटीची हार्ड डिस्क नेली, पावती दिली नाही. मी चुकलो का?

आवक_जावक:

नमस्कार मंडळी. लांबण लागेल, चहा घेऊन बसा.

पश्चिम उपनगरातल्या एका ४८ बिऱ्हाडांच्या सोसायटीचा मी सेक्रेटरी. दुसरं कुणी तयार होईना म्हणून झालो. त्याआधी ३१ वर्षं गोदीत एका क्लिअरिंग एजंटकडे कारकुनी केली. गेटपासवर सही नसेल तर रिकामं पिंपसुद्धा फाटकाबाहेर जात नसे. ती खोड इकडेही आली. आमच्याकडे इस्त्रीवाला गठ्ठा घेऊन निघाला तरी वॉचमन वहीत लिहितो आणि प्लंबरला शिडी दिली तर मी त्याची सही घेतो. लोक हसतात. हसू देत.

तर गेल्या गुरुवारी संध्याकाळी सातच्या सुमारास दोघे जण ऑफिसात आले. ऑफिस म्हणजे जिन्याखालची खोली, मीटर बॉक्सच्या शेजारची. दोघेही साध्या कपड्यांत. एकाने ओळखपत्र पाकिटातून अर्धं वर ओढलं आणि परत सरकवलं, आपण टीसीला पास दाखवतो तसं. मी चष्मा लावेपर्यंत पाकीट खिशात. म्हणाला, "ए विंगला तिसऱ्या मजल्यावर तीन पोरं राहतात ना, त्यांचं जरा बघायचंय."

ही तीन पोरं अकरा महिन्यांच्या करारावर राहतात. मालकाने पोलिसांच्या साइटवर भाडेकरूंची माहिती भरलेली, तिची प्रिंट माझ्या फाइलला आहे. दोघे विदर्भातले, एक मालेगावचा. कुठल्याशा स्टुडिओत कार्टूनचं काम करतात, रात्री बाराला येतात. मला ठाऊक असलेला त्यांचा गुन्हा एकच: गणपतीत मखराला लाइट लावायला आले आणि एलईडीची माळ उलटी लावून ठेवली.

साहेबांनी आधी आधारच्या झेरॉक्सचे फोटो काढले. मग व्हिजिटर वहीच्या एकवीस पानांचे. मग सीसीटीव्हीचं फुटेज साठवणाऱ्या डीव्हीआरकडे बघितलं. पंधरा दिवसांचं फुटेज इथे बसून कोण बघणार, हार्ड डिस्कच काढून द्या म्हणाले. स्क्रू ड्रायव्हर माझा, हातही माझेच. डिस्क काढली, तिच्यावरची धूळ पुसली आणि वर माझ्याच रुमालात गुंडाळून दिली. एवढंच विचारलं, "साहेब, एखादी चिठ्ठी?" तर म्हणाले, "काका, देशाच्या सुरक्षेचा मामला आहे. चिठ्ठ्या कसल्या मागता?" आणि मी गप्प बसलो. शिडीची सही घेणारा मी!

जाताना एक मोबाइल नंबर दिला. पोरांकडे कोण येतं-जातं त्याचे फोटो काढून व्हॉट्सॲपला टाकत जा म्हणून.

पुढची गंमत ऐका. रविवारी रात्री बी विंगखालून एकाची स्कूटर गेली. तो तक्रार द्यायला गेला, तर ठाण्यातून निरोप, सोसायटीचं फुटेज घेऊन या. सोमवारी मी गेलो. म्हटलं, फुटेज कुठून आणू, डिस्क गुरुवारीच तुमच्याकडे गेली.
"कोणी नेली?"
"नाव नाही ठाऊक."
"पोच आहे?"
"नाही."
"मग काका, पावतीशिवाय दिलीत कशी?"

आता माझं म्हणणं नीट समजून घ्या, नाहीतर इथे लगेच दोन तट पडतात. मी पोलिसांच्या विरोधात नाही. १२ मार्च १९९३ ला मी काथा बाजारात बिलं पोचवून निघालो आणि मस्जिद स्टेशनच्या पुलावर असताना मागे धडाका झाला. त्या दिवशी मुंबईभरच्या स्फोटांत २५७ माणसं गेली. पण गोदीत पोट भरलेला माणूस म्हणून एक गोष्ट तेव्हापासून डोक्यात बसली आहे. टाडा, म्हणजे दहशतवादविरोधी कायदा, काही त्या स्फोटांनंतर आला नाही. तो १९८५ पासून होताच. आणि आरडीएक्स उतरलं ते रायगडात शेखाडीच्या किनाऱ्यावर, कस्टमच्या आणि पोलिसांच्या लोकांनी पैसे खाऊन वाट मोकळी केली म्हणून. त्यांना पुढे शिक्षाही झाल्या. तेव्हा अधिकार काय कमी होते? उलट ज्याच्या हातात अधिकार होता त्यानेच न बघता माल सोडला, आणि कुणी सोडला हे कागदावर येऊ नये याची काळजी घेतली.

तर विचारायचं ते असं. डिस्क देताना मी काय करायला हवं होतं? आणि ते फोटोंचं काय करू? चेअरमन म्हणतात, "टाका की, आपल्या बापाचं काय जातं? त्यात एक मालेगावचा." मला ते गिळवत नाही, पण नाही म्हणायचीही भीती वाटते. खरं सांगतो.

निवृत्त_फौजदार:

काका, चूक तुमची नाही आणि त्या पोरांचीही (म्हणजे आमच्या डिपार्टमेंटच्या पोरांची) पूर्ण नाही. दुसरी बाजू सांगतो.

९३ ला मी शिपाई होतो, नोकरीचं चौथं वर्ष. वरळीला सेंच्युरी बाजारला स्फोटानंतर बंदोबस्ताला पाठवलं. काय उचललं ते इथे लिहीत नाही. २००८ ला गिरगाव चौपाटीवर तुकाराम ओंबळे हातात फक्त काठी घेऊन कसाबवर झेपावले आणि त्याची बंदूक धरून ठेवली. त्या क्षणी कलम कोणतं हे विचारायला कुणाला सवड नसते. टीप आली की पहिले चार-सहा तास सोन्याचे. फुटेज दर पंधरा दिवसांनी स्वतःवरच पुसत जातं, तुम्ही लिहिलेल्या पंधरा दिवसांवरून तसंच दिसतं. पत्र टाइप होईपर्यंत पाखरू उडालं तर दुसऱ्या दिवशी शिव्या कुणाला? टीव्हीवर कोण बसतं? आम्हीच.

आता तुमच्या बाजूने. पत्र व्हायला पाच मिनिटं लागतात. अगदी खरंखुरं काम असेल तर सिनियरना फोन लावून "पत्र पाठवा" म्हणता येतं, हल्ली मेलवरही येतं. तेवढाही वेळ नसेल तर सोसायटीच्या लेटरहेडवर दोन ओळी लिहायच्या, त्यावर नाव, बक्कल नंबर, सही घ्यायची. ती द्यायलाही जो का-कू करतो, त्याच्या मागे ठाणं आहे की तो एकटाच आहे, असा प्रश्न मला पडेल. स्टेशन डायरीत नोंद आहे का ते विचारा. नोंद नसेल तर प्रकरण वेगळं आहे.

आणि खबऱ्याचं काम सेक्रेटरीने करू नये. खबरी पाळायला आम्हाला वेगळी माणसं असतात. तुम्ही फोटो काढत बसलात आणि उद्या काही झालं तर साक्षीला तुम्हालाच उभं करतील.

कोर्टाची_पायरी:

वकील आहे, सेशन्सला फौजदारी कामं करते. फौजदारसाहेबांनी व्यवहार सांगितला, मी कायदा सांगते.

आवक_जावक काका, तुमचा पावतीचा हट्ट हा हट्ट नाही, भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम ९४ आहे. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेत (सीआरपीसी) ते ९१ होतं. ठाण्याच्या प्रभारी अधिकाऱ्याला तपासासाठी वस्तू किंवा इलेक्ट्रॉनिक पुरावा हवा असेल तर तो लेखी आदेश काढतो, कागदावर किंवा इलेक्ट्रॉनिक. जप्तीच करायची तर पंचनामा करावा लागतो आणि १ जुलै २०२४ पासून कलम १०५ खाली जप्तीचं चित्रीकरणही करावं लागतं. रुमालात गुंडाळून न्यायची तरतूद मला कुठे सापडली नाही.

यात पोलिसांचंच नुकसान आहे, हे मी कोर्टात पन्नासदा पाहिलंय. फुटेज पुरावा म्हणून द्यायचं तर नव्या भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ खालचं प्रमाणपत्र लागतं. त्याचा पहिला भाग यंत्र ज्याच्या ताब्यात होतं त्याने भरायचा, म्हणजे इथे तुम्ही. दुसरा तज्ज्ञाने. त्यात हॅश व्हॅल्यू लिहावी लागते, म्हणजे फाइलच्या बोटांचा ठसाच म्हणा. एक फ्रेम बदलली तरी तो बदलतो. तुमची डिस्क मधले चार दिवस कुणाच्या टेबलावर, कुणाच्या लॅपटॉपला लागलेली होती हे कोण सांगणार? त्या पोरांनी उद्या खरंच काही केलेलं निघालं, तरी त्यांचा वकील (मीच असेन कदाचित) या एका मुद्द्यावर ते फुटेज फाडून टाकेल.

तुमचं वय साठच्या वर असेल तर आणखी एक. साक्षीदार म्हणून चौकशीला ठाण्यात यायची तुमच्यावर सक्ती नाही, कलम १७९ प्रमाणे त्यांनी घरी यायचं. बायकांनाही तेच लागू. हे माझ्या सासूबाईंनाही माहीत नव्हतं.

फौजदारसाहेब, "सवड नसते" हे चौपाटीवर शंभर टक्के मान्य. पण तिथून निघालेला प्रत्येक कायदा सवड असलेल्या दिवशीही वापरला जातो, तिथे माझं भांडण आहे. टाडा १९९५ ला संपला, तसाच पोटा २००२ ला आला नि २००४ ला गेला. जाताना यूएपीएत, म्हणजे बेकायदा कृत्यांविरुद्धच्या कायद्यात, त्यातलं बरंच ठेवून गेला. २००८ च्या डिसेंबरात, २६/११ नंतर महिन्याच्या आत, त्यात दुरुस्ती झाली: आरोपपत्राला १८० दिवसांपर्यंत मुदत, आणि कोर्टाला आरोप प्रथमदर्शनी खरे वाटले की जामीन नाही. २०१९ ला संघटनेबरोबर एकट्या माणसालाही दहशतवादी घोषित करायची सोय झाली. आलेलं कलम परत गेलेलं मी पाहिलेलं नाही, फक्त नंबर बदलतो. जमावबंदीचंच घ्या. एक आदेश दोन महिन्यांपुरता. मुंबईत तो संपला की नवा निघतो. आपण सगळेच बारा महिने कुठल्या ना कुठल्या मनाईखाली राहतो आणि कुणाला पत्ता नसतो.

आणि कॅमेऱ्याचं म्हणाल तर २०२० च्या डिसेंबरात सुप्रीम कोर्टाने प्रत्येक पोलीस ठाण्यात सीसीटीव्ही लावा, फुटेज १८ महिने जपा, असं सांगितलंय. काका, तुमची डिस्क ठाण्यात कधी आली, कुणाच्या हातात आली, ते तिथल्या कॅमेऱ्यात असायला हवं. मागून बघा.

सहा_चोवीस:

मी इथे फक्त वाचतो. आज लिहितो.

११ जुलै २००६. चर्चगेटहून सुटलेल्या गाड्यांत अकरा मिनिटांत सात स्फोट, सगळे फर्स्ट क्लासच्या डब्यांत. माझा मामेभाऊ माहीमला होता. त्याचा पास त्या महिन्यातच सेकंडचा फर्स्ट केला होता, प्रमोशन झालं म्हणून. मामीने तो पास अजून देवघरात ठेवलाय.

तेव्हा मला विचारलं असतं तर मी म्हटलं असतं, काय वाटेल ते करा. मोका लावा, टायरमध्ये घाला, पण शोधा. मोका, म्हणजे संघटित गुन्हेगारीविरुद्धचा कायदा, लागला. मोकात पोलीस अधिकाऱ्यापुढचा कबुलीजबाब पुरावा म्हणून चालतो, साध्या कायद्यात चालत नाही. २०१५ ला विशेष कोर्टाने बारा जणांना दोषी धरलं, पाच जणांना फाशी. आम्ही पेढे वाटले नाहीत, पण मामी त्या रात्री झोपली.

२१ जुलै २०२५ ला हायकोर्टाने बाराही जण निर्दोष ठरवले. त्यातला एक आधीच तुरुंगात वारला होता. कबुलीजबाबांवर कोर्टाने विश्वास ठेवला नाही, मारहाण झाल्याचं मानलं, वेगवेगळ्या लोकांच्या जबाबांत काही मजकूर तोच तो सापडला. तीन दिवसांनी सुप्रीम कोर्टाने एवढंच सांगितलं की हा निकाल दुसऱ्या खटल्यांत दाखला म्हणून वापरू नका. सुटलेले बाहेरच राहिले. त्याच महिन्याच्या ३१ तारखेला मालेगावच्या २००८ च्या स्फोटाचा निकाल, तिथेही सातही जण सुटले. एका निकालाला एका बाजूचे लोक फटाके वाजवतात, दुसऱ्याला दुसऱ्या. ज्यांच्या घरातलं माणूस गेलं त्यांना दोन्ही वेळा कुणी फोन केला नाही.

मला एकच कळतं. आमच्या केसला जो खास अधिकार दिला, त्यानेच ती केस पोकळ केली. कबुलीजबाब हातात आला की माणूस दुसरं शोधतच नाही. फौजदारसाहेब, कसाबला वकील दिला, हायकोर्ट झालं, सुप्रीम कोर्ट झालं, दयेचा अर्जही झाला. तरीही पकडल्यापासून चार वर्षांच्या आत येरवड्यात फाशी झाली. तो निकाल कुणालाही हलवता आला नाही. आमचा एकोणीस वर्षांनी पत्त्याच्या बंगल्यासारखा पडला.

निवृत्त_फौजदार:

@सहा_चोवीस, तुमच्यापुढे बोलायला माझ्याकडे काही नाही.

ठाकूरद्वारची_मावशी:

मी ७१ वर्षांची. नातवाने टाइप करायला शिकवलंय, चुका पोटात घाला.

आणीबाणीत मी कॉलेजात होते. आमच्या चाळीत समोर एक संघाचे मास्तर आणि तळमजल्यावर एक समाजवादी टपालखात्यातले. दोघांचं एकमेकांशी नळावरूनही पटत नसे. दोघांनाही एकाच आठवड्यात मिसाखाली, म्हणजे विनाखटला डांबायच्या कायद्याखाली, नेलं. का नेलं ते सांगायचं बंधन सरकारवर नव्हतं. १९७६ च्या एप्रिलात सुप्रीम कोर्टानेही सांगून टाकलं की आणीबाणीत अटकेविरुद्ध हायकोर्टात दाद मागता येणार नाही. पाचांतले एकटे न्यायमूर्ती खन्ना नाही म्हणाले. मास्तरांच्या बायकोला आम्ही रोज डबा देत होतो, पण दार लोटून, कुणी बघू नये म्हणून. ती भीती मला अजून आठवते, आणि लाजही.

त्या काळात कऱ्हाडच्या साहित्य संमेलनात यशवंतराव चव्हाण व्यासपीठावर असताना संमेलनाध्यक्ष दुर्गाबाई भागवतांनी, जसलोकमध्ये आजारी पडलेल्या जयप्रकाश नारायणांसाठी प्रार्थना करायला सगळ्या मंडपाला उभं केलं. पुढे त्यांनाही आत टाकलंच. आज सगळे पक्ष आणीबाणीच्या नावाने गळा काढतात. मिसाबंद्यांना सरकार मानधन देतं. चांगलं आहे. पण त्याच विधानभवनात २०२५ च्या जुलैत विशेष जनसुरक्षा विधेयक आवाजी मतदानाने मंजूर झालं. समितीकडे १२ हजारांवर हरकती नि सूचना आल्या होत्या, त्यात एक माझी. कडव्या डाव्या संघटनांसाठी आहे, सामान्यांना काय, असं म्हणतात. मिसाही सामान्यांसाठी नव्हताच हो. समितीने सुधारणा केल्या हे खरं, सल्लागार मंडळाची रचना बदलली, तपास अधिकाऱ्याचा दर्जा वाढवला. पण संघटना बेकायदा ठरवायचा पहिला हुकूम काढणार सरकारच.

असो. माझा प्रश्न वेगळाच आहे. एवढं रामायण झालं, त्या तीन मुलांना कुणी सांगितलं का, की तुमची चौकशी झाली म्हणून? चहाला बोलावलं का?

आवक_जावक:

सगळ्यांचे आभार. मावशी, नाही बोलावलं. तुमचं वाचलं आणि काल रात्री बारा वाजता वर गेलो.

घर रिकामं. वॉचमन म्हणतो, शुक्रवारी सकाळीच सामान घेऊन गेले, म्हणजे डिस्क गेली त्याच्या दुसऱ्या दिवशी. एजंटला फोन केला. चेअरमननी मालकाला कळवलं होतं, मालकाने पोरांना. एक महिन्याचं डिपॉझिट कापून घेतलं. व्हिजिटर वहीत माणूस आला की नोंद होते, कायमचा गेला की होत नाही, त्यामुळे मला कळलंही नाही. मखराची माळ मात्र परत करून गेलेत, सुलट गुंडाळून.

वकीलताईंचं वाचून आज दोन प्रतींत अर्ज लिहून ठाण्यात गेलो. गुरुवारची तारीख, वेळ, डिस्कचा अनुक्रमांक (तो वॉरंटी कार्डावर होता, मी कार्डं टाकत नाही). ठाणे अंमलदाराने वाचला, परत वाचला आणि आत सिनियरसाहेबांकडे घेऊन गेला. अर्धा तास बाकावर बसलो. समोर कॅमेरा होता, लाल दिवा लागलेला. चालू होता की नाही देव जाणे.

साहेब बरे वाटले, चहा सांगितला. म्हणाले, आधीच्या भाडेकरूच्या नावाने कुठलंतरी सिमकार्ड होतं, पत्ता तोच निघाला म्हणून माणसं आली होती. ह्या पोरांचा संबंध नाही. सांगितलं ते असं, की जणू पार्सल चुकीच्या घरी गेलं. मग एक पत्र पुढे केलं, डिस्क मागणारं, गेल्या गुरुवारच्या तारखेचं. "यावर मिळाल्याची सही करा, म्हणजे सगळं नियमात बसेल." ३१ वर्षांत मागच्या तारखेच्या गेटपासवर मी सही केलेली नाही. हात थरथरत होता, पण म्हटलं, साहेब, आजची तारीख घाला, गुरुवारी नेली नि आज मागितली असं लिहा. ते बराच वेळ माझ्याकडे बघत राहिले. शेवटी पत्र ड्रॉवरमध्ये गेलं, डिस्क बाहेर आली, आणि माझ्या अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर शिक्का, आजच्या तारखेसह. रुमाल मिळाला नाही.

तो व्हॉट्सॲप नंबर त्यांच्या ठाण्यातल्या कुणाचाच नाही म्हणाले. मग कुणाचा, हे मी विचारलं नाही. विचारायला हवं होतं. फौजदारसाहेब, यावर काय करू ते सांगा, मी तो अजून ब्लॉक केलेला नाही.

चेअरमनना उद्या मीटिंगमध्ये विचारणार आहे, डिपॉझिट परत करायला मालकाला सोसायटीतर्फे पत्र द्यायचं का. देतील असं वाटत नाही. मी माझ्या सहीने देईन.

स्कूटर सापडलेली नाही.

आणि डिस्क लावली तर डीव्हीआर तिला नवी समजतोय, आत काहीच दिसत नाही. लॅमिंग्टन रोडला कुणी डेटा काढून देणारा माहीत असेल तर इथे कळवा. थोडा महाग चालेल, पण पावती देणारा हवा.